मस्टर

शलाकाला शाळेसाठी थर्माकोलचा पिरॅमिड करायचा होता.
कोपरखैरण्यात थर्माकोल मिळतो, सोनेरी रंग मिळतो,
फेरोचा मुखवटा साठ रुपयांत छापून मिळतो.
माहिती तेवढी आजोबांनी वाचून दाखवायची.

चष्मा पुसून फोन धरला तर समोर
चुनखडीचा एक दगड. हातभर लांब.
नावं, नावांपुढे तारखा,
आणि तारखांच्या डोक्यावर लाल शाईत बारीक काहीतरी.
पोरी, म्हटलं, हा दगड नाही. हे मस्टर आहे.

मी ओळखणार नाही तर कोण ओळखणार.
रबाळ्याला सव्वीस वर्षं हेच केलं:
काळ्या शाईत हजर,
लाल शाईत गैरहजर.

राजाच्या कबरी खोदणाऱ्यांची हजेरी होती ती.
कोण आला नाही, आणि का.
सेबा: विंचू चावला.
हुइनेफर: डोळा दुखतो.
पेंदुआ: खोन्सूबरोबर पीत बसला होता.
तेही लिहिलंय. लपवलं नाही.
तीन हजार वर्षांपूर्वीचा तो कारकून मला एकदम आवडला.
एक जण घरी बियर गाळत होता.
एक भावाचं प्रेत गुंडाळत होता.
आणि काहींच्या नावावर: घरची बाई बाहेरची आहे.
एवढंच. पुढे शेरा नाही, कपात नाही.

आमच्या मस्टरात कारणाला जागाच नव्हती.
पाव इंचाचा चौकोन.
हिराजी मढवी, गोठिवलीचा,
ज्याच्या बापाच्या खाचरावर आमचं बॉयलर हाऊस उभं होतं,
खिडकीशी आला तेव्हा डोकं भादरलेलं होतं.
म्हणाला, भावाचं बारावं उरकलं, आता आलो.
मी अर्ज मागितला.
त्याने डोक्यावरून हात फिरवला,
जणू अर्ज तिथेच कुठेतरी असावा.
बारा लाल चौकोन.
पेन त्या दिवशी फार छान चालत होतं.

पुढे वाचतो: दुसऱ्या एका रामसेसच्या काळात
धान्य थकलं, तेव्हा त्याच वस्तीतले लोक
काम टाकून देवळामागे जाऊन बसले.
महिन्याचे अठरा दिवस गेले, आम्ही उपाशी आहोत,
असं कुणी बोललं
आणि कुणीतरी ते लिहून घेतलं.

"आजोबा, फेरोचं सांगा ना!"
फेरो या यादीत नाही, बाळ.
मालकाचं नाव मस्टरवर नसतं.

आम्हीही गेटवर बसलो होतो, असं मी लग्नाकार्यात सांगतो.
खरं म्हणजे ते बसले होते.
मी आत होतो, पंख्याखाली,
रोज साडेसातला दोनशे अकरा लाल फुल्या मारत.
कंपनी गेली ती गेलीच.
आता तिथे बिनखिडक्यांची इमारत आहे.
आत माणसं नसतात म्हणे,
थंडगार कपाटं असतात, रात्रंदिवस लुकलुकणारी,
आणि त्यांत सगळ्यांचा हिशेब.
रामसेसला कळलं असतं ते काय आहे.

शेवटचं मस्टर मी रद्दीत दिलं नव्हतं.
का, ते विचारू नका. माळ्यावरून काढलं.
झुरळांनी जुलै महिना खाल्ला होता.
हिराजीचं पान सापडलं.
त्या बारा चौकोनांच्या डोक्यावर, मावेल तेवढं,
लाल शाईत लिहिलं: भाऊ.

बाकीच्यांची कारणं मला माहीत नाहीत.
दोनशे दहा माणसं. मी विचारलंच नव्हतं.
खोन्सूबरोबर कोण पीत होतं, कुणाचा डोळा दुखत होता,
कुणास ठाऊक.

मग माझी ओळ. सगळी काळी, एकही डाग नाही,
साहेबांनी दोनदा टाळ्या वाजवल्या होत्या त्यासाठी.
सोळा ऑगस्टलाही हजर आहे मी.
त्या दिवशी आईला न्यायला
शेजारचे गेले होते.
हजर खोडलं. वर लिहिलं,
आणि अक्षर वाकडं आलं.

शलाका मुखवटा घेऊन उभी आहे.
"आता चिकटवू का, आजोबा?"
थांब जरा.
शाई ओली आहे.